कर्मवीर भाऊराव पाटील व साताऱ्याचे शिवाजी कॉलेज

आमच्या समाजात जन्मास येऊन लोकोत्तर कार्य केलेल्या एखाद्या पुरुषाचे चरित्र या वार्षिक स्मरणिकेत द्यावयाचे, असा आमचा परिपाठ आहे. यंदा आम्ही कर्मवीर भाऊराव पाटील यांचे चरित्र वाचकांपुढे ठेवीत आहोत. भाऊरावांचे नाव ठाऊक नाही असा मनुष्य महाराष्ट्रात विरळाच. जयंती-पुण्यतिथीस त्यांच्या प्रतिमेस हार घातला जातो, व्याख्याने होतात, आणि अशा प्रसंगी ते आमच्या जैन समाजाचे होते हे सांगावयास आम्ही विसरत नाही. परंतु ज्या समाजाने त्यांस जन्म दिला त्याच समाजाच्या वसतिगृहाने त्यांस विद्यार्थिदशेत दाराबाहेर काढले, ही गोष्ट मात्र आम्ही बहुधा सांगत नाही. साताऱ्याच्या छत्रपती शिवाजी कॉलेजची हकीकत लिहावयाची तर प्रारंभ तेथूनच करावा लागतो. म्हणून भाऊरावांचे समग्र चरित्र न देता, ते कॉलेज त्यांच्या कोणत्या अनुभवांतून उभे राहिले, तेवढेच सांगण्याचे आम्ही योजिले आहे.

जन्म व बालपण

भाऊरावांचा जन्म दिनांक २२ सप्टेंबर १८८७ रोजी कोल्हापूर संस्थानातील कुंभोज या गावी, आजोळी झाला. बाहुबलीच्या डोंगराजवळचे हे गाव आमच्या समाजबांधवांस परिचित आहेच. त्यांचे मूळ घराणे वाळवे तालुक्यातील ऐतवडे बुद्रुक येथले. वडील पायगोंडा पाटील सरकारी महसूल खात्यात नोकरीस होते व मातोश्री गंगाबाई या धर्मपरायण गृहिणी होत्या. वडिलांच्या बदल्यांमुळे मुलाचे प्राथमिक शिक्षण दहिवडी, विटे अशा ठिकाणी तुकड्यातुकड्यांनी झाले. अभ्यासापेक्षा कुस्ती, पोहणे व रानावनात हिंडणे यांकडे त्याचा ओढा अधिक होता. घरात सोवळेओवळे कडक असले तरी हा मुलगा अस्पृश्यांच्या मुलांत मिळून मिसळून वागे. विहिरीवर अस्पृश्यांस पाणी भरू देत नाहीत हे पाहून त्याने तेथील रहाट मोडून विहिरीत टाकला, अशी एक आठवण सांगतात. मुलाचे असले वर्तन पुढे कोणत्या थरास जाणार, याची कल्पना त्या काळी घरच्या माणसांस आली असेल असे वाटत नाही.

कोल्हापूरचे वसतिगृह

इ. स. १९०२ च्या सुमारास भाऊराव इंग्रजी शिक्षणासाठी कोल्हापुरास आले व राजाराम हायस्कुलात जाऊ लागले. त्या वेळच्या कोल्हापूरची परिस्थिती थोडक्यात सांगितली पाहिजे. खेड्यातून शिकावयास येणाऱ्या मुलाच्या मार्गात सर्वांत मोठी अडचण फीची नसे, ती राहण्याजेवण्याची असे. शहरात ज्याचे आप्त नाहीत त्याने उतरावे कोठे आणि जेवावे कोणाच्या पंक्तीस, हा प्रश्न जातिभेदाने अधिकच बिकट केला होता. राजर्षी शाहू महाराजांनी हे ओळखून १९०१ साली मराठा विद्यार्थ्यांसाठी वसतिगृह काढले व पुढे निरनिराळ्या जातींच्या पुढाऱ्यांस जागा व साहाय्य देऊन आपापली वसतिगृहे उभारण्यास प्रोत्साहन दिले. जैन विद्यार्थ्यांचे वसतिगृह याच काळातले. जातवार वसतिगृहांच्या या पद्धतीस आज कोणी नावे ठेवील, परंतु तीमुळेच खेड्यापाड्यांतील शेकडो मुलांच्या हाती प्रथम पुस्तक आले, हे विसरून चालणार नाही. भाऊरावही या सोयीचा लाभ घेऊनच शिकू लागले.

१९०८ साली कोल्हापुरात अस्पृश्य विद्यार्थ्यांकरिता मिस क्लार्क वसतिगृहाची स्थापना झाली. त्या समारंभास भाऊराव हौसेने गेले. परत आल्यावर त्यांनी स्नान करून मगच भोजनगृहात यावे, असे वसतिगृहाच्या व्यवस्थापकांचे म्हणणे पडले. माणसांच्या सभेस गेल्याने आपणांस विटाळ झाला, हे मान्य करण्यास भाऊराव तयार झाले नाहीत. स्नान करण्यास हरकत ती काय होती, असे वाचकांपैकी कोणास वाटेल. परंतु त्या तांब्याभर पाण्यात कबुली होती, आणि ती देणे त्यांस मान्य नव्हते. परिणामी त्यांस वसतिगृह सोडावे लागले. वसतिगृहाच्या चालकांत अण्णासाहेब लठ्ठे हे प्रमुख होते. लठ्ठे हे विद्वान, समाजसुधारणेचे कैवारी आणि शाहू महाराजांचे चरित्रकार म्हणून पुढे विख्यात झालेले गृहस्थ. असा सुधारकही ज्या नियमापुढे नमला, तो नियम त्या काळी किती बळकट होता, हे यावरून ध्यानात यावे. आम्ही येथे कोणा एका व्यक्तीस दोष देत नाही. तो नियम आमच्या सर्व समाजाचा होता.

निराधार झालेल्या या विद्यार्थ्यास शाहू महाराजांनी आसरा दिला. महाराजांच्या सान्निध्यात राहून त्यांनी त्यांचे विचार व त्यांची कार्यपद्धती जवळून पाहिली. शालेय शिक्षणात मात्र भाऊरावांची प्रगती झाली नाही. इंग्रजी सहावीपुढे त्यांची मजल गेली नाही, आणि ज्यास कॉलेजचे तोंड पाहावयास मिळाले नाही अशा माणसाने पुढे कॉलेजे काढली. १९०९ साली त्यांचा विवाह कुंभोजच्याच एका सधन जैन घराण्यातील कन्येशी झाला. लक्ष्मीबाई या नावाने पुढे ज्ञात झालेल्या या साध्वीचा उल्लेख पुढे येणारच आहे.

डांबराचे प्रकरण

शाळा सुटल्यावर भाऊराव साताऱ्यास येऊन खासगी शिकवण्या करू लागले व पाटील मास्तर या नावाने ओळखले जाऊ लागले. तत्पूर्वीच, १९१० साली, दूधगाव येथे काही मित्रांच्या साहाय्याने सर्व जातींच्या मुलांकरिता विद्यार्थी आश्रम काढण्याच्या उद्योगात त्यांनी भाग घेतला होता. अशा रीतीने जीवनास काही दिशा लागत असतानाच १९१४ साली एक दारुण प्रसंग ओढवला. कोल्हापुरातील बादशाही पुतळ्यांस कोणी तरी डांबर फासले. या कृत्यात अण्णासाहेब लठ्ठे यांचा हात असल्याचे दाखविण्याची खटपट सुरू झाली, आणि लठ्ठ्यांविरुद्ध साक्ष देण्यासाठी भाऊरावांस गाठण्यात आले.

वाचकांनी क्षणभर येथे थांबून विचार करावा. सहा वर्षांपूर्वी ज्यांच्या व्यवस्थेखालील वसतिगृहातून आपणांस बाहेर पडावे लागले, त्यांच्याविरुद्ध केवळ चार वाक्ये बोलावयाची होती. बोलल्यास सुटका होती, न बोलल्यास बंदिवास होता. भाऊरावांनी खोटी साक्ष देण्यास साफ नकार दिला. त्यांस अटक झाली, छळ झाला, आणि त्या यातना सोसूनही ते आपल्या शब्दापासून ढळले नाहीत. अखेर ते सुटले. लठ्ठे पुढे कोल्हापूरचे दिवाण व १९३७ साली मुंबई प्रांताचे अर्थमंत्री झाले. ज्या समाजाने आपणांस दूर सारले त्याच्या एका नेत्यावरील किटाळ भाऊरावांनी स्वतःच्या अंगावर झेलले. समाजाबद्दल कटुता त्यांनी मनात धरली नाही, त्याचप्रमाणे समाजाच्या कुंपणात परत येऊन बसण्याचेही त्यांनी पत्करले नाही. यातच त्यांच्या पुढील सर्व कार्याचे बीज आहे असे आम्हांस वाटते.

नांगराचा विक्रेता

यानंतर भाऊरावांनी किर्लोस्करांच्या लोखंडी नांगरांचे विक्रेते म्हणून काम पत्करले. ओगले यांच्या काच कारखान्याच्या मालाचा प्रसारही त्यांनी केला. या कामानिमित्त त्यांनी दक्षिण महाराष्ट्रातील खेडीच्या खेडी पालथी घातली. शेतकऱ्यास लोखंडी नांगराचे महत्त्व पटवून देता देता त्यांस शेतकऱ्याच्या घराची खरी स्थिती कळून आली. सावकाराच्या कागदावर काय लिहिले आहे हे न समजता अंगठा उठविणारा कुणबी, शाळेच्या वळचणीस बसणारे महारामांगांचे पोर, आणि हुशार असूनही चौथीनंतर गुरांमागे जाणारा मुलगा, हे त्यांनी गावोगाव पाहिले. नांगराने जमीन सुधारेल, परंतु जमिनीचा धनी निरक्षर राहिला तर पीक दुसऱ्याच्याच घरी जाईल, हे त्यांच्या मनात ठसले.

सत्यशोधक समाजाच्या चळवळीशी त्यांचा निकट संबंध होता. दिनांक ४ ऑक्टोबर १९१९ रोजी, विजयादशमीच्या दिवशी, कराड तालुक्यातील काले येथे त्यांनी रयत शिक्षण संस्थेची स्थापना केली व तेथेच वसतिगृहास प्रारंभ झाला. संस्थेचे नाव पाहावे. स्वतःच्या जातीचे, देवतेचे वा घराण्याचे नाव तीस दिले नाही. रयत म्हणजे जमिनीवर राबणारा सर्व लोक, मग तो कोणत्याही जातीचा असो. पुढे वटवृक्ष हे संस्थेचे चिन्ह झाले व स्वावलंबन हे तिचे ब्रीद ठरले.

१९२४ साली संस्थेचे ठाणे साताऱ्यास हलले व तेथील वसतिगृह नावारूपास येऊ लागले. मराठा, महार, मांग, जैन, मुसलमान, लिंगायत, ब्राह्मण अशी सर्व मुले एका छपराखाली राहत, आळीपाळीने स्वयंपाक करीत व एका पंक्तीस जेवीत. घरून आणलेली ज्वारी-बाजरी एकाच कणगीत पडे आणि तिची भाकरी सर्वांच्या ताटात येई. ज्ञानदेव घोलप नावाचा अस्पृश्य समाजातील बुद्धिमान मुलगा भाऊरावांनी आपल्या घरी आणून पुत्रवत वाढविला. हेच घोलप पुढे मुंबई इलाख्याच्या विधिमंडळाचे सभासद झाले. कोल्हापूरच्या भोजनगृहात जो प्रश्न उपस्थित झाला होता, त्याचे उत्तर भाऊरावांनी अशा प्रकारे पंक्ती मांडून दिले. दिनांक २५ फेब्रुवारी १९२७ रोजी महात्मा गांधींनी या वसतिगृहास भेट दिली व त्यांच्या हस्ते त्याचे श्री छत्रपती शाहू बोर्डिंग हाऊस असे नामकरण झाले.

लक्ष्मीबाई

या वसतिगृहाची खरी अन्नपूर्णा लक्ष्मीबाई. माहेरच्या सधन व सनातनी घरात वाढलेल्या या बाईंना आरंभी नाना जातींच्या मुलांचे घरात वावरणे किती जड गेले असेल, हे आमच्या भगिनींस सांगणे नको. व्रतवैकल्ये करणाऱ्या त्या माउलीने हळूहळू ती सर्व मुले आपली मानली. माहेराहून आलेले सोन्याचे दागिने एकामागून एक वसतिगृहाच्या धान्यात विरघळले. एकदा तर पोरांच्या पोटासाठी धान्य भरावयास पैसा नव्हता, तेव्हा त्यांनी गळ्यातील मंगळसूत्रही काढून दिले. जी स्त्री सौभाग्यालंकार प्राणापलीकडे जपावयास शिकली होती तिच्या हातून हे घडले. १९३० साली त्यांचे निधन झाले. भाऊरावांचे नाव सर्वतोमुखी झाले, लक्ष्मीबाईंचे तितके झाले नाही. समाजाच्या स्मरणिकेत तरी या दोन्ही नावांचा उच्चार बरोबरीने व्हावा.

कॉलेजपर्यंतची वाट

भाऊरावांच्या कार्यातील एक क्रम लक्षात घेण्यासारखा आहे. त्यांनी प्रथम इमारत उभारून मग विद्यार्थी शोधले नाहीत. विद्यार्थी जेथे अडला तेथे पुढची पायरी बांधली. वसतिगृहात मुले आली, परंतु खेड्यात शाळाच नव्हत्या, म्हणून शाळा काढणे प्राप्त झाले. शाळांस शिक्षक मिळेनात, म्हणून १९३५ साली साताऱ्यास ग्रामीण शिक्षकांकरिता ट्रेनिंग कॉलेज सुरू केले. त्याच वर्षी संस्थेची रीतसर नोंदणीही झाली. तत्पूर्वी १९३२ साली, पुणे कराराच्या वर्षी, पुण्यात युनियन बोर्डिंग हाऊस स्थापन करून सवर्ण व अस्पृश्य विद्यार्थ्यांच्या सहवासाची व्यवस्था त्यांनी केली होती. ट्रेनिंग कॉलेजातून बाहेर पडलेले शिक्षक डोंगरकपारीतील गावी गेले. देवळात, चावडीत, झाडाखाली, जेथे जागा मिळेल तेथे व्हॉलंटरी शाळा भरू लागल्या. या शाळांतून पुढे आलेल्या मुलांस माध्यमिक शिक्षण हवे झाले, तेव्हा १९४० साली साताऱ्यास महाराजा सयाजीराव हायस्कूल निघाले. फी न घेता, विद्यार्थ्याने श्रम करावे व शिकावे, या तत्त्वावर चालणारे हे निवासी हायस्कूल होय.

हायस्कूल उत्तीर्ण झालेल्या मुलांपुढे पुन्हा भिंत उभी राहिली. त्या काळी दक्षिण महाराष्ट्रात कॉलेज म्हटले की कोल्हापूरचे राजाराम किंवा सांगलीचे विलिंग्डन, नाही तर थेट पुणे. माण-खटावच्या दुष्काळी मुलखातील, पाटण-जावळीच्या डोंगरातील शेतकऱ्याने मुलास पुण्यास ठेवून चार वर्षे पोसावे ही गोष्ट अशक्य होती. एखाद्याने जमीन गहाण टाकून मुलास पाठविले तर मुलगा पदवी घेऊन येईपर्यंत जमीन सावकाराची होई. म्हणजे मॅट्रिकपर्यंत वर आलेला मुलगा तेथूनच मागे फिरे.

यावर उपाय म्हणून १९४७ च्या जून महिन्यात, स्वातंत्र्य दोन महिन्यांवर आले असता, साताऱ्यास छत्रपती शिवाजी कॉलेज सुरू झाले. कमवा व शिका ही योजना हा या कॉलेजचा प्राण होता. जो विद्यार्थी पैसा देऊ शकत नाही त्याने दिवसातील काही तास अंगमेहनत करावी. शेतात खणावे, भाजीपाला पिकवावा, दगड फोडावा, इमारतीस माती वाहावी. त्याच्या मोबदल्यात त्याचे राहणे, जेवण व शिक्षण यांचा भार संस्थेने उचलावा. दिसावयास ही व्यवस्था सोपी आहे, परंतु तीत दोन गोष्टी साधल्या. गरिबाच्या मुलास कोणाचे उपकार घेऊन शिकल्याची बोच राहिली नाही. आणि शिकलेला मनुष्य कुदळीस हात लावीत नाही, हा जो आपल्याकडचा जुना रोग, त्यावरही औषध मिळाले. सकाळी खोरे धरणारा विद्यार्थी दुपारी वर्गात इंग्रजी काव्य वा अर्थशास्त्र शिकत असे, आणि त्याच्या शेजारी काम करणारा कोणत्या जातीचा, हे घामेजल्या अंगावरून ओळखता येत नसे.

कॉलेज काढणे हे वसतिगृह चालविण्याहून फारच खर्चाचे काम. ग्रंथालय हवे, प्राध्यापक हवेत, विद्यापीठाच्या अटी पुऱ्या करावयास हव्यात. संस्थेच्या गंगाजळीत खडखडाट. या अडचणीच्या काळातील एक हकीकत साताऱ्याकडे आजही सांगतात. कोणा धनिकाने मोठी देणगी देऊ केली, अट इतकीच की, शिवछत्रपतींच्या नावाऐवजी कॉलेजला आपले सुचविलेले नाव द्यावे. भाऊरावांनी ती देणगी परत केली. प्रसंगी स्वतःच्या बापाचे नाव बदलता येईल, पण हे नाव बदलणार नाही, अशा अर्थाचे त्यांचे उत्तर होते, असे म्हणतात.

पुढील वर्षी याहून कठीण कसोटी आली. गांधीजींच्या हत्येनंतर भाऊरावांनी त्यांच्या स्मरणार्थ एकशे एक हायस्कुले काढण्याचा संकल्प जाहीर केला. परंतु याच सुमारास त्यांच्या स्पष्टवक्तेपणामुळे तत्कालीन मुंबई सरकारशी त्यांचे बिनसले व संस्थेचे अनुदान बंद पडले. नवे कॉलेज, वाढता पसारा, आणि सरकारी मदत नाही, अशा स्थितीत संस्था बुडणार असे अनेकांनी मानले. ती बुडाली नाही. याचे कारण असे की, ती मुळी अनुदानावर उभी नव्हती. खेड्यातील बायांनी मूठमूठ धान्य काढून ठेवले, संस्थेच्या सेवकांनी पोटास चिमटा घेतला, विद्यार्थ्यांनी अधिक तास खोरे धरले. अखेर अनुदान पुन्हा सुरू झाले. सरकारपुढे पदर न पसरता तग धरण्याची ही ताकद, आमच्या मते, वसतिगृहाच्या कणगीतून आली होती.

यानंतर १९५४ साली कराड येथे दुसरे कॉलेज निघाले व त्यास सद्गुरू गाडगे महाराजांचे नाव दिले. गाडगेबाबांचे भाऊरावांवर फार प्रेम होते. १९५५ साली साताऱ्यास शिक्षकांच्या पदवीशिक्षणासाठी मौलाना आझाद यांच्या नावाचे कॉलेज स्थापन झाले. भाऊरावांनी आपल्या संस्थांस दिलेली ही नावे एका ओळीत मांडून पाहावीत. शाहू महाराज, सयाजीराव महाराज, शिवछत्रपती, गाडगेबाबा, मौलाना आझाद. यांत मराठे आहेत, परीट समाजात जन्मलेले संत आहेत, मुसलमान आहेत. जैन एकही नाही. समाजाचा अभिमान त्यांस नव्हता म्हणून असे झाले, असा अर्थ कोणी काढू नये. समाजाचा खरा अभिमान कशाने राखला जातो, याविषयी त्यांचे मत निराळे होते.

अखेरचे दिवस

खादीचे जाडेभरडे वस्त्र, खांद्यावर घोंगडी, हातात काठी व छातीवर रुळणारी पांढरी दाढी, असे भाऊरावांचे रूप होते. लोक त्यांस अण्णा म्हणत व कर्मवीर ही पदवी त्यांस जनतेनेच दिली. १९५९ साली भारत सरकारने त्यांस पद्मभूषण हा किताब दिला. त्याच वर्षी पुणे विद्यापीठाने त्यांस डी. लिट. ही सन्मान्य पदवी अर्पण केली. इंग्रजी सहावीत अडलेल्या विद्यार्थ्यास विद्यापीठाने आपल्या सर्वोच्च मानाच्या आसनावर बसविले, तेव्हा प्रकृती पार ढासळली होती. दिनांक ९ मे १९५९ रोजी पुण्यात त्यांनी देह ठेवला. त्यांच्या मृत्युसमयी संस्थेची शंभरावर हायस्कुले व तीन कॉलेजे चालू होती. साताऱ्यास त्यांची समाधी आहे.

शिवाजी कॉलेजचा वृक्ष त्यानंतरही वाढतच गेला. १९६२ साली कोल्हापुरास शिवाजी विद्यापीठ झाले व कॉलेज त्यास जोडले गेले. पुढे १९७५ साली त्या विद्यापीठाच्या कुलगुरुपदी बॅरिस्टर पी. जी. पाटील आले. हे भाऊरावांच्याच वसतिगृहात वाढलेले विद्यार्थी होत. कमवा व शिका ही योजना इतर विद्यापीठांनीही स्वीकारली व पुणे विद्यापीठात ती भाऊरावांच्याच नावाने चालते. २०२१ साली तर साताऱ्यातील रयतच्या तीन महाविद्यालयांचा समूह करून कर्मवीर भाऊराव पाटील विद्यापीठ स्थापन झाले आणि शिवाजी कॉलेज त्याचा एक घटक बनले. ज्यास एका वसतिगृहात जागा उरली नाही, त्याच्या नावाचे आज विद्यापीठ आहे.

आमचे कर्तव्य

येथवर चरित्र झाले. आता समाजबांधवांपुढे एक विचार ठेवून आम्ही लेख पुरा करतो.

जातवार वसतिगृहांनी मोठे कार्य केले, हे आम्ही वर नमूद केलेच आहे. आजही आमच्या समाजाच्या वतीने वसतिगृहे चालतात, शिष्यवृत्त्या दिल्या जातात, आणि या स्मरणिकेच्या जाहिरातींतून जमणारा पैसाही त्याच कामी लागतो. त्याविषयी आम्हांस संकोच वाटत नाही. आपल्या घरच्या मुलाची सोय प्रथम पाहणे हे गृहस्थाचे कर्तव्यच आहे. परंतु आपल्या दारात दुसऱ्याचा मुलगा उभा राहिला असता काय करावयाचे, या प्रश्नाचे उत्तर भाऊरावांनी देऊन ठेवले आहे, आणि ते उत्तर आमच्या समाजात अद्याप पुरते उतरलेले नाही. भाऊराव आमचे म्हणून मिरवावयाचे आणि प्रवेशाच्या अर्जावर मात्र जातीचा रकाना प्रथम वाचावयाचा, या दोन गोष्टी एकत्र नांदत नाहीत.

म्हणून आमची अशी नम्र सूचना आहे की, समाजाच्या प्रत्येक वसतिगृहात दर वर्षी काही जागा अन्य समाजांतील गरीब विद्यार्थ्यांसाठी राखून ठेवाव्यात व त्यांपैकी एक तरी जागा अशा मुलास मिळावी, ज्याच्या आजोबास आमच्या विहिरीवर पाणी भरता येत नव्हते. त्या मुलाकडून वेगळी फी घेऊ नये, त्यास वेगळी खोली देऊ नये व वेगळी पंगत मांडू नये. इतर मुले जे काम करतील ते त्याने करावे, आणि इतर मुले जे जेवतील ते त्याने जेवावे. खर्चाचा प्रश्न कोणी काढील, तर त्यास आम्ही एवढेच सांगू की, कुंभोजच्या एका लेकीने याच कामासाठी गळ्यातले मंगळसूत्र दिले होते.

ही सूचना काही बांधवांस रुचणार नाही, हे आम्ही जाणून आहोत. समाजाच्या पैशावर समाजाचाच हक्क, असे म्हणणारे आमच्यात आहेत व त्यांचा हेतू वाईट आहे असे आम्ही मानीत नाही. १९०८ साली वसतिगृहाचा नियम चालविणाऱ्यांचा हेतूही वाईट नव्हता. त्या नियमापायी आमच्या वसतिगृहाने एक विद्यार्थी गमावला आणि महाराष्ट्रास कर्मवीर मिळाला. असा लाभ दर वेळी होतोच असे नाही. दारातून परत गेलेली बहुतेक मुले कोठे जातात, हे कोणासही कळत नाही. पुढील वार्षिक सभेपुढे ही सूचना यावी आणि तिच्यावर मोकळेपणाने चर्चा व्हावी, अशी आमची समाजबांधवांस विनंती आहे.